चोवीस बिट आणि एक सुरत्या

गेल्या काही वर्षांत संगीतश्रवणाच्या क्षेत्रात सोवळे पाळणारी एक नवी जमात उदयाला आली आहे. ‘हाय-रेझोल्यूशन’ हा तिचा मंत्र असून ‘एमपी-थ्री’ या शब्दाचा तिला विटाळ होतो. सीडीवर ऐकलेले संगीत हे मुळी ऐकलेच नव्हे. ते २४ बिट आणि १९२ किलोहर्ट्झ अशा शुद्ध रूपात कानी पडले तरच त्याचे खरे दर्शन घडते, अशी या जमातीची श्रद्धा आहे. ही श्रद्धा आता मुंबई-पुण्याच्या दिवाणखान्यांपुरती राहिलेली नाही. आम्ही ज्या जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांत मराठी शिकवतो तेथील प्राध्यापकांच्या खोलीतही ती ऐकू येते आणि महागडे हेडफोन बाळगणाऱ्या विद्यार्थ्यांच्या कट्ट्यावरही. दाखला बहुधा एकच दिला जातो: पिंक फ्लॉइड या इंग्लिश रॉक-चमूचा मार्च १९७३ मध्ये प्रसिद्ध झालेला ‘द डार्क साइड ऑफ द मून’ हा अल्बम. तो ‘हाय-रेझ’मध्ये ऐकला नसेल तर तुम्ही तो ऐकलेलाच नाही, असे आम्हांला वारंवार बजावले जाते.

या अल्बमविषयी आमच्या मनात आकस नाही. हृदयाच्या ठोक्यांनी सुरू होऊन त्याच ठोक्यांत विरून जाणारी सुमारे ४३ मिनिटांची ती रचना काळ, पैसा, मृत्यू आणि वेड यांवरचे एक दीर्घकाव्य म्हणून वाचता येते, आणि तसे वाचू पाहणाऱ्या विद्यार्थ्याला आम्ही कधी अडवलेले नाही. आमचा आक्षेप अल्बमला नाही. त्याभोवती उभ्या राहिलेल्या शुद्धतेच्या कर्मकांडाला आहे. त्याहूनही अधिक, हे कर्मकांड जेथे बसून चालते त्या जागेचा विसर पडण्याला आहे. ज्या तालुक्यात नारायणगाव आहे त्याच तालुक्यात बसून लंडनच्या फितीतली बारीकसारीक कुजबूज ऐकण्यासाठी कान टवकारायचे आणि आपल्या गावच्या यात्रेत गायलेला सुरत्या कोण होता हे विचारायचेही नाही, या विसंगतीविषयी आम्हांला बोलायचे आहे.

मराठीच्या अध्यापकांनी ध्वनितंत्राच्या भानगडीत कशाला पडावे, असे कोणी म्हणेल. पण ‘मूळ आवाज’, ‘शुद्ध प्रत’, ‘कर्त्याला अभिप्रेत असलेले रूप’ ही सारी भाषा आमच्याच घरची आहे. ज्ञानेश्वरीच्या राजवाडे प्रतीपासून आजवर आपल्याकडे पाठचिकित्सेचे जे वाद झाले ते याच शब्दांत झाले. प्रत कोणाच्या हातची, ती कोणत्या प्रतीवरून उतरवली, मधल्या लेखनिकाने काय गाळले आणि काय घुसडले, हे विचारल्याशिवाय आपण पोथीला हात लावत नाही. हेच प्रश्न फितीला आणि फाइलीला विचारायचे, एवढेच आम्ही करणार आहोत.

प्रथम शुद्धतेच्या दाव्याचे पाहू. १९८२ साली बाजारात आलेल्या सीडीवर आवाजाचे सेकंदाला ४४,१०० नमुने घेतलेले असतात आणि प्रत्येक नमुना १६ बिटांत मांडलेला असतो. नमुने ज्या गतीने घ्यावेत तिच्या निम्म्या कंपनसंख्येपर्यंतचा आवाज त्यांतून पुन्हा उभा करता येतो, असा यामागचा गणिती सिद्धान्त आहे. म्हणजे सीडीची मर्यादा सुमारे २२ किलोहर्ट्झ. माणसाचा कान ऐन तारुण्यातही २० किलोहर्ट्झच्या पलीकडे सहसा जात नाही, आणि आमच्यासारख्या चाळिशी ओलांडलेल्यांची मर्यादा तर त्याहून बरीच खाली आलेली असते. १९२ किलोहर्ट्झची फाइल जो अधिकचा प्रदेश सांभाळते तो वटवाघळांच्या उपयोगाचा आहे. बिटांचीही तीच कथा. १६ बिटांत सर्वांत मंद आणि सर्वांत मोठ्या आवाजामधले अंतर सुमारे ९६ डेसिबल इतके मावते. २४ बिटांत ते तत्त्वतः १४४ डेसिबलपर्यंत जाते. परंतु १९७३ च्या चुंबकीय फितीला तिची स्वतःची सळसळ आहे, आणि गोंगाट दाबण्याच्या युक्त्या वापरूनही ती फीत या १६ बिटांच्या मर्यादेपर्यंतसुद्धा पोचत नाही. उरलेल्या आठ बिटांत मग काय साठते? फितीची सळसळ, अधिक काटेकोरपणे.

हे केवळ कागदावरचे गणित नाही. ब्रॅड मेयर आणि डेव्हिड मोरन यांनी २००७ साली ऑडिओ इंजिनिअरिंग सोसायटीच्या नियतकालिकात आपल्या चाचण्या प्रसिद्ध केल्या. उच्च प्रतीचे मुद्रण आणि तेच मुद्रण सीडीच्या मापातून गाळून, असे दोन्ही आवाज श्रोत्यांना न सांगता ऐकवले गेले. ५५४ प्रयत्नांपैकी २७६ वेळा श्रोते बरोबर ठरले. नाणे उडवले असते तरी निकाल याहून फार वेगळा आला नसता. न्यायाने दुसरी बाजूही सांगितली पाहिजे: २०१६ साली जोशुआ राइस यांनी अनेक चाचण्यांचे निष्कर्ष एकत्र करून पाहिले तेव्हा बरोबर उत्तरांचे प्रमाण ५२.३ टक्के भरले. संख्याशास्त्राच्या दृष्टीने तो फरक खरा आहे. परंतु शंभरात दोन-अडीच गुणांच्या या आधिक्यावर ‘तुम्ही अल्बम ऐकलेलाच नाही’ असा शेरा मारणाऱ्या परीक्षकाला आमच्या विद्यापीठातही कोणी पेपर तपासायला बसवणार नाही.

मग नवी प्रत ऐकताना ‘काहीतरी वेगळे’ ऐकू येते ते सारे भासच का? नाही. वेगळे ऐकू येते, पण त्याचे कारण निराळे आहे. या अल्बमची २००३ साली जी सुपर ऑडिओ सीडी निघाली तिच्यासाठी जेम्स गथ्री यांनी मूळ बहुपदरी फितींवरून पाच अधिक एक ध्वनिक्षेपकांसाठी संपूर्ण मिश्रण नव्याने केले. म्हणजे ती नवी संपादित आवृत्ती होती. कोणता आवाज पुढे आणायचा, कोणता मागे ठेवायचा, किती दाबायचा, हे सारे निर्णय संपादकाचे. फरक पडला तो संपादकामुळे. श्रेय मिळाले ते डब्याला. भक्तांच्या कानांची कसोटी २०२२ साली आणखी एकदा लागली. मोबाइल फिडेलिटी या अमेरिकन कंपनीच्या तबकड्या पूर्णतः अ‍ॅनालॉग मार्गाने तयार होतात या समजुतीने त्यांच्यावर स्तुतिसुमने उधळणाऱ्यांना त्या वर्षी कळले की, त्यांतील कित्येक तबकड्यांच्या निर्मितीत २०११ पासूनच एक डिजिटल पायरी होती. डिजिटलला नाके मुरडणारे कान इतकी वर्षे डिजिटलच ऐकून तृप्त होत होते. पाठचिकित्सेच्या भाषेत बोलायचे तर या मंडळींनी कागदाची जाडी तपासली, लेखनिकाचे नाव विचारलेच नाही.

आता आमच्या मुख्य मुद्द्याकडे येतो. या अल्बमच्या बाबतीत खरोखर हेवा वाटावा अशी गोष्ट १९२ किलोहर्ट्झ ही नाही. ती अशी की, ॲबी रोड स्टुडिओत १६ पदरांवर मुद्रित झालेला तो ऐवज सांभाळला गेला. म्हणून १९७३ नंतर २००३ साली, २०११ साली आणि पन्नाशीच्या निमित्ताने २०२३ सालीही त्याच्याकडे परत जाऊन नवी आवृत्ती काढता आली. डबे बदलत गेले. विहिरीला पाणी होते म्हणून प्रत्येक डबा भरला. १ जून २००८ रोजी हॉलिवूडमध्ये युनिव्हर्सल स्टुडिओच्या आवारात आग लागून असंख्य ध्वनिमुद्रणांच्या मूळ फिती जळाल्या, आणि त्या हानीची व्याप्ती जगाला २०१९ साली समजली. त्या फितींच्या बाबतीत कितीही बिट आता कोणाच्या कामाचे नाहीत. विहीरच बुजली.

दुसरी हेवा करण्याजोगी गोष्ट म्हणजे नावे. या अल्बमच्या शेवटी, ठोके विरत असताना, एका माणसाचे बोलणे ऐकू येते. तो गायक नव्हे, वादक नव्हे. ॲबी रोड स्टुडिओचा द्वारपाल होता. त्याचे नाव जेरी ओड्रिस्कॉल. दाराशी उभ्या राहणाऱ्या माणसाचा आवाज पन्नास वर्षे जपला गेला आणि तो कोणाचा हेही जगाला ठाऊक आहे. याच अल्बमात क्लेअर टॉरी या गायिकेने एका गीतात एकही शब्द न उच्चारता केवळ स्वरांचा आक्रोश उभा केला. त्या बैठकीचे तिला ३० पौंड मिळाले. २००४ साली ती न्यायालयात गेली, २००५ साली तडजोड झाली आणि त्यानंतर सहरचनाकार म्हणून तिचे नाव लागू लागले. साहित्याच्या विद्यार्थ्यांनी येथे थांबून विचार करावा. कागदावर उतरवायला एक अक्षरही नसताना आवाज हीच रचना आणि गाणारी हीच कर्ती, ही गोष्ट मान्य झाली आहे. आमच्या वर्गांत मात्र अजून कर्ता म्हणजे ज्याची नाममुद्रा शेवटच्या ओळीत येते तो.

आता नारायणगाव. पुणे-नाशिक रस्त्यावरचे हे गाव तमाशाची पंढरी म्हणून ओळखले जाते. गुढीपाडव्याच्या सुमारास येथे फडमालकांच्या राहुट्या लागतात, गावोगावचे पंच येतात, चैत्र-वैशाखातल्या यात्रा-जत्रांसाठी सुपाऱ्या ठरतात. भाऊ-बापू मांग नारायणगावकर यांच्या फडाची आणि विठाबाईंची ही भूमी. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर यांना १९५७ आणि १९९० अशा दोन वेळा राष्ट्रपतींचा पुरस्कार मिळाला. १५ जानेवारी २००२ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांच्या नावाने राज्य शासन जीवनगौरव पुरस्कारही देते. सन्मानांची नोंद अशी नीट आहे. आवाजाची आहे काय?

वर्गात तमाशा शिकवताना तो ऐकवायचा म्हटले की आमच्या हाती येते ते असे: कधीकाळी एसटी स्थानकावर विकल्या गेलेल्या कॅसेटची प्रत, तिची प्रत, आणि त्या प्रतीवरून कोणा रसिकाने कळकळीने इंटरनेटवर चढवलेली, दाबून दाबून लहान केलेली फाइल. प्रयोग कोणत्या यात्रेतला, कोणत्या सालचा, याचा पत्ता नाही. वेष्टणावर फडाचे नाव ठळक, वगाचे नाव त्याहून ठळक, कंपनीचा शिक्का सर्वांत ठळक. ढोलकी कोणाची, हलगी कोणाची, तुणतुणे धरून मागे झील ओढणारे सुरत्ये कोण, याविषयी चकार शब्द नाही. लंडनच्या द्वारपालाला नाव आहे. नारायणगावच्या सुरत्याला नाही. रेझोल्यूशन या शब्दाचा अर्थ बारकावे वेगळे दिसू देण्याची क्षमता असा असेल, तर माणसे वेगळी ओळखू येणे हा त्याचा पहिला अर्थ असला पाहिजे. त्या अर्थाने आमच्या तमाशाचे रेझोल्यूशन शून्य बिट आहे.

आवाजाचीही परवड ऐकणाऱ्याला सहज कळते. साध्या कॅसेट-रेकॉर्डरमध्ये आवाजाची पातळी आपोआप खालीवर करणारी सोय असते. शेकोटीवर तापवून ताणलेल्या हलगीचा कडाका उठला की यंत्र घाबरून सगळाच आवाज खाली खेचते, आणि त्याच क्षणी चढ्या पट्टीत ‘जी जी’ ओढणारा सुरत्या नाहीसा होतो. कडाका ओसरला की यंत्र पुन्हा पातळी उचलते आणि मैदानातला गलका, जनित्राची घरघर, फितीची सळसळ पुढे येते. सुरत्याची झील ही तमाशातली साधी टेकू नव्हे; मुख्य गायिकेने सोडलेला स्वर उचलून तो गर्दीच्या शेवटच्या टोकापर्यंत पोचवणारी ती दुसरी रचना आहे. यंत्राने नेमकी तीच गिळली. अशा प्रतीला १९२ किलोहर्ट्झच्या डब्यात घालून विकणे म्हणजे पानेच फाटलेल्या पोथीला रेशमी रुमाल बांधणे होय.

पण यंत्राला दोष देऊन भागणार नाही. यंत्राच्या कितीतरी आधी सुरत्याला गाळले ते छापील पानाने. लावणीचा अभ्यास आपल्याकडे झालाच नाही असे नाही, म. वा. धोंडांच्या ‘मऱ्हाटी लावणी’सारखा ग्रंथ १९५६ सालीच आपल्यापुढे आला होता आणि अशोक दा. रानड्यांनी लोकसंगीताचा शास्त्र म्हणून विचार करायला शिकवले. तथापि अभ्यासक्रमात उरली ती संहिता: रामजोशी, होनाजी बाळा, पठ्ठे बापूराव यांच्या लावण्यांचे छापील पाठ आणि वगाचे कथानक. परीक्षेत प्रश्न येतो तो शृंगाराच्या वर्णनावर, प्रतिमांवर, समाजदर्शनावर. गणाआधी ढोलकी आणि हलगी एकमेकींना काय सांगतात, गवळणीतल्या मावशीचा आवाज कोठे फुटतो आणि का फुटतो, सुरत्या कोणत्या अक्षरावर झील धरतो, हे प्रश्न नाहीत. सरकारचेही असेच होते. प्रयोगाला परवानगी द्यायची तर आधी संहिता तपासायची, म्हणजे त्यांनीही तमाशा वाचलाच, ऐकला नाही.

मौखिक साहित्याचा सिद्धान्त शिकवताना आपण मिल्मन पॅरी आणि आल्बर्ट लॉर्ड यांची नावे भक्तिभावाने घेतो. पॅरी हा होमरचा अभ्यासक. १९३३ ते १९३५ या काळात तो युगोस्लाव्हियातल्या निरक्षर गायकांकडे गेला तो वही घेऊन नव्हे, तर ॲल्युमिनियमच्या तबकड्यांवर मुद्रण करणारे यंत्र घेऊन. एक तबकडी संपताच दुसरी सुरू व्हावी आणि गायकाला थांबावे लागू नये अशी दोन तबकड्यांची योजना त्याने खास करवून घेतली होती. त्या तबकड्यांतून १९६० साली लॉर्डचा ‘द सिंगर ऑफ टेल्स’ उभा राहिला. आपण सिद्धान्त घेतला, यंत्र घेतले नाही. आपल्याकडे ग्रामोफोन १९०२ सालीच मुद्रणासाठी येऊन पोचला होता. पण बाजाराच्या तबकडीची एक बाजू तीन-साडेतीन मिनिटांत संपे. रात्रभर चालणाऱ्या तमाशातली लावणी त्या मापाने कापली गेली, आणि पुढे ते कापलेले मापच लावणीचे माप ठरले. १९७२ सालच्या ‘पिंजरा’सारख्या चित्रपटांनी तिला स्टुडिओतले सुरेल, स्वच्छ रूप दिले. ती गाणी आम्हांलाही प्रिय आहेत. परंतु आज ‘लावणी ऐकतो’ म्हणणारा विद्यार्थी बहुधा तीच ऐकत असतो, फडाची नव्हे.

आंबेगाव तालुक्याची एक गोष्ट येथे सांगावीशी वाटते. ज्या आंबेगावावरून तालुक्याला नाव पडले ते जुने गाव डिंभे धरणाच्या जलाशयात गेले. कागदोपत्री, पाट्यांवर, दाखल्यांवर आंबेगाव आहे. गाव पाण्याखाली आहे. छापील लावणीची अवस्था आम्हांला याहून निराळी वाटत नाही. नाव उरले आहे आणि त्याखालची वस्ती बुडाली आहे, हे नाव घेणाऱ्याच्या ध्यानातही येत नाही.

या प्रतिपादनावर येणारे आक्षेप आम्हांला पाठ आहेत. पहिला असा की, तमाशा ही जिवंत कला, ती मुद्रित केली की मरते. हा आक्षेप दिसायला मोठा भावपूर्ण आहे, पण तो नेमका कोणाविषयी घेतला जातो ते पाहावे. शास्त्रीय गायनाची मैफलही जिवंतच असते. तरी भीमसेन जोशींच्या किंवा किशोरी आमोणकरांच्या मैफली मुद्रित केल्याने कला मेली असे म्हणताना आम्ही कोणाला ऐकले नाही. त्या ध्वनिफिती सांभाळून ठेवणाऱ्यांचे आपण ऋण मानतो. जिवंतपणाचे तत्त्वज्ञान फक्त फडाच्या वाट्याला का यावे? तमाशा पिढ्यान्‌पिढ्या ज्यांनी उभा केला ते मांग, महार, कोल्हाटी समाजातले कलावंत होते. कोणाचा आवाज ‘ठेवा’ ठरतो आणि कोणाचा ‘करमणूक’, याचा निर्णय ध्वनितंत्राने केलेला नाही. तो जातीने केला आहे आणि तंत्राने फक्त त्याची अंमलबजावणी केली. आरंभी आम्ही सोवळ्याचा उल्लेख केला तो केवळ विनोदाने केलेला नाही.

दुसरा आक्षेप तंत्रज्ञांचा: त्या मुद्रणांत गोंगाटच फार, त्यातून काय ऐकणार? याचे उत्तर आमच्या तालुक्यातच उभे आहे. नारायणगावपासून जवळच, खोडद येथे, महाकाय मीटरतरंग रेडिओ दुर्बीण आहे: प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या, मध्यभागी १४ आणि उरलेल्या १६ इंग्रजी ‘वाय’ अक्षराच्या तीन भुजांवर, सुमारे २५ किलोमीटरच्या परिसरात पसरलेल्या. मानवी रेडिओ-कोलाहल कमी म्हणून ही जागा निवडली गेली. त्या तबकड्या जे ऐकतात ते आमच्या हलगीपेक्षा कल्पनेपलीकडे क्षीण असते आणि गोंगाटात पुरते बुडालेले असते. तरी ऐकले जाते, कारण ऐकणाऱ्याने ते ऐकायचेच असे ठरवलेले आहे, आणि कोणत्या दिशेला, कोणत्या क्षणी, कोणत्या तबकडीने ऐकले याची नोंद काटेकोर आहे. गंमत अशी की, जगभरच्या दुर्बिणी जोडून जी निरीक्षणे होतात त्यांत प्रत्येक नमुन्याला दोन बिटही पुरतात. दूरच्या दीर्घिकेला दोन बिटांत ओळखणारे शास्त्र एकीकडे आणि हेडफोनवर चोवीस बिट मोजणारा रसिक दुसरीकडे, अशी ही जोडी एकाच तालुक्यात नांदते आहे.

आमचे म्हणणे अव्यवहार्य नाही याचे उदाहरण याच पुणे जिल्ह्यात घडलेले आहे. गी प्वातवँ आणि हेमा राईरकर यांनी आपल्या सहकाऱ्यांसह जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. मुळशी-मावळापासून राज्यभरातल्या गावांतून एक लाखाहून अधिक. बर्नार बेल यांच्या साहाय्याने शंभरावर तासांचे ध्वनिमुद्रण झाले. २०१७ पासून ‘पारी’ या संकेतस्थळावर त्या ओव्या येऊ लागल्या, आणि ओवीबरोबर गाणाऱ्या बाईचे नाव आणि गाव येते. त्या काळच्या डिजिटल टेपवर, १६ बिटांच्या मापात झालेले हे काम आहे. ते ऐकताना आम्हांला कधीही बिट कमी पडले नाहीत, कारण ऐकू येते ती एक विशिष्ट बाई, एका विशिष्ट गावची, आणि तिची ओवी तिच्याच नावावर आहे. दळण दळणाऱ्या बाईला जे मिळू शकले ते ढोलकी वाजवणाऱ्याला मिळू नये असा काही निसर्गनियम नाही.

म्हणून हाय-रेझोल्यूशनच्या उपासकांशी आमचे भांडण एका अर्थी त्यांच्याच बाजूचे आहे. त्यांचे यंत्र खोटे नाही, ते चुकीच्या टोकाला लावले आहे. २४ बिटांची खरी गरज ऐकणाऱ्याला नसून मुद्रण करणाऱ्याला आणि जतन करणाऱ्याला आहे. तमाशाचे मुद्रण करताना हलगीचा कडाका केव्हा उठेल हे सांगता येत नाही. २४ बिटांत पातळी पुरेशी खाली ठेवूनही सुरत्याचा मंद स्वर सळसळीत हरवत नाही. जुनी कॅसेट उतरवून घेताना पुढे तिच्यावर शुद्धीकरणाचे संस्कार व्हायचे असतात आणि फीत दुसऱ्यांदा वाजेल याची हमी नसते. म्हणूनच ध्वनिसंग्रहालयांची आंतरराष्ट्रीय संघटना अशा कामासाठी किमान २४ बिट आणि ४८ किलोहर्ट्झचे माप सुचवते, आणि पुष्कळ संग्रहालये ९६ किलोहर्ट्झपर्यंत जातात. पावसाळ्यागणिक माळ्यावरच्या फितींना बुरशी चढते आहे. जो ऐवज सांभाळलेला आहे त्याच्यावर चोवीस बिट उधळायचे आणि जो बुरसतो आहे त्याला मोबाइलच्या ध्वनिमुद्रकावर सोडायचे, हा उलटा न्याय आहे.

करायचे काय, हेही सांगतो. जुन्नर आणि आंबेगावच्या महाविद्यालयांतील मराठी विभागांनी एकत्र येऊन घराघरांतल्या, फडमालकांकडच्या, दुकानांच्या माळ्यांवरच्या कॅसेटी मागाव्यात; प्रत करून मूळ फीत सन्मानाने परत द्यावी. प्रत्येक फितीबरोबर जाणत्या कलावंतांना बसवून आवाज ओळखून घ्यावेत: ही ढोलकी कोणाची, ही झील कोणाची. ही माणसे वृद्ध होत चालली आहेत. फितीपेक्षा ही ओळख आधी नष्ट होणार आहे. चैत्रात राहुट्या लागतील तेव्हा फडांची रीतसर संमती घेऊन, मानधन देऊन, आजचे प्रयोग संपूर्ण मुद्रित करावेत. तीन मिनिटांचे तुकडे नकोत. मुद्रणाची मालकी संशोधकाची समजू नये. १९९४ सालापासून आपल्या प्रताधिकार कायद्यात सादरकर्त्या कलावंताचे हक्क आहेत आणि २०१२ च्या दुरुस्तीने व्यापारी वापराच्या मोबदल्यातही त्याला वाटा दिला आहे. क्लेअर टॉरीला जे न्यायालयाच्या दारात जाऊन मिळवावे लागले ते आमच्या सुरत्याला करारातच मिळावे. गुरगावच्या अमेरिकन इन्स्टिट्यूट ऑफ इंडियन स्टडीजमध्ये १९८२ पासून लोकसंगीताचे ध्वनिसंग्रहालय चालते. तशा संस्थेत एक प्रत ठेवावी, एक नारायणगावात असावी. आणि लोकसाहित्याच्या प्रश्नपत्रिकेत एक प्रश्न ऐकवून विचारावा. परीक्षागृहात दोन मिनिटे ढोलकी वाजली तर विद्यापीठाचा पाया खचणार नाही.

पन्नास वर्षांनी कोणी नव्या यंत्रावर, नव्या मापात, आपल्याला आज सुचणारही नाही अशा डब्यात ‘द डार्क साइड ऑफ द मून’ ऐकेल आणि शेवटी ओड्रिस्कॉल बोलेल, याविषयी आम्हांला शंका नाही. त्याच यंत्राला नारायणगावचा फड मागितला तर ते काय देईल, याचे उत्तर मात्र यंत्राकडे नाही. ते माळ्यावर आहे, आणि येता पावसाळा फार लांब नाही.